हळू बोलणारा पोट्टा

मागच्या हिवाळ्यात माझ्या एका जुन्या मित्राचे वडील वारले. तेरवीला गेलो तेव्हा नागपूरच्या तांडापेठेतल्या त्यांच्या गल्लीत मंडप टाकला होता, एका कडेला मोठ्या गंजात वरण उकळत होतं, कोहळ्याच्या भाजीचा आणि वड्यांचा वास पार मेन रोडपर्यंत येत होता, आणि मित्र मंडपाच्या तोंडाशी उभा होता. कोणी आलं की तो दोन पावलं पुढे जायचा, समोरच्याचा हात आपल्या दोन्ही हातांत घ्यायचा, मान जराशी डावीकडे कललेली, आणि तो माणूस बोलतोय तोवर स्वतः एक शब्द काढायचा नाही. बोललाच तर इतकं हळू की ऐकणाऱ्याला वाकावं लागायचं. निघणाऱ्याला गल्लीच्या टोकापर्यंत सोडायला जायचा आणि त्याची गाडी वळेपर्यंत तिथून हलायचा नाही. त्याची आत्या माझ्या शेजारी प्लास्टिकच्या खुर्चीवर बसून हे सगळं बघत होती. बराच वेळ बघितलं तिने आणि मग माझ्याकडे वळून म्हणाली, "हा त बापाचा पोट्टा वाटतच नाही बाप्पा. कोण्या साहेबाचा वाटते."

आत्याच्या बोलण्यात राग नव्हता, तिला नुसतं जे दिसलं ते ती बोलली. पण मला ते वाक्य आत कुठेतरी टोचलं आणि घरी आल्यावरही जाईना. कारण मला माहीत होतं की आत्याने बरोब्बर ओळखलंय. ते उभं राहणं, ती कललेली मान, ते गाडी वळेपर्यंत थांबणं, हे सगळं ज्या माणसाचं होतं तो सिव्हिल लाईन्समधल्या एका बंगल्यात राहायचा आणि त्याला जाऊन आता बरीच वर्षं झाली. मी त्या माणसाला त्याच्या फाटकाशी असंच उभं राहिलेलं पाहिलंय. हेच दोन हात. म्हणजे बाप गेल्यावर बापाचं दुःख व्यक्त करायला सुद्धा पोराकडे दुसऱ्याच माणसाची पद्धत होती, आणि ती त्याच्या अंगात इतकी मुरली होती की त्यात नाटक शोधूनही सापडलं नसतं.

मित्राचं नाव इथे लिहीत नाही. तसंही घरी त्याला ज्या नावाने हाक मारायचे ते नाव आता त्याची आई सोडली तर कोणी घेत नाही.

त्याचे वडील, मी त्यांना काकाच म्हणायचो, एम्प्रेस मिलमध्ये होते. विणाई खात्यात, साच्यांवर, म्हणजे मागांवर. नागपुरात ज्यांच्या घरी मिलचा माणूस होता त्यांना वेगळं सांगायला नको, घरातलं सगळं भोंग्यावर चालायचं, अंघोळ, डबा, झोप, भांडणसुद्धा. काकांना मिलचा भयंकर अभिमान. आम्ही पोरं त्यांच्या ओट्यावर बसलो की ते जमशेटजी टाटांच्या गोष्टी अशा सांगायचे जणू स्वतः तिथे हजर होते. जुम्मा तलावाजवळची ती जागा म्हणजे नुसती दलदल होती, टाटांनी ती भरून काढायला घेतली तेव्हा इथल्या एका मारवाडी सावकाराने भांडवल द्यायला नकार दिला, म्हणाला हा माणूस सोनं जमिनीत गाडून राहिलाय, आणि पुढे मिल चालली तेव्हा त्याच सावकाराने कबूल केलं की टाटांनी सोनं गाडलं नव्हतं, माती घातली आणि सोनं काढलं. १ जानेवारी १८७७ ला मिल सुरू झाली, त्याच दिवशी तिकडे दिल्लीत व्हिक्टोरिया राणीला हिंदुस्थानची सम्राज्ञी म्हणून जाहीर केलं म्हणून हे नाव, ही तारीख काकांना स्वतःच्या लग्नाच्या तारखेपेक्षा पक्की पाठ होती.

पण त्यांची सगळ्यात लाडकी गोष्ट बेझनजींची. बेझनजी मेहता म्हणजे मिलचे पहिले मॅनेजर. ते आधी जीआयपी रेल्वेच्या माल खात्यात होते, कापड गिरणीशी त्यांचा काडीचा संबंध नव्हता, सूत कसं कातायचं, साचा कसा चालतो, काही ठाऊक नव्हतं. टाटांनी तरीही त्यांनाच निवडलं, आणि पुढे हाच माणूस मिलचा कणा झाला, सर बेझनजी झाला. काका हे सांगताना हातातली बिडी बाजूला ठेवायचे. "माणूस पाह्यला टाटानं, सर्टिफिकेट नाही पाह्यलं," असं म्हणायचे आणि मग पोराकडे बघायचे. तेव्हा तो दहावीत असेल. आज वाटतं की मोठ्या माणसाची नजर आपल्यावर पडली तर आपलं आयुष्य पालटू शकतं, ही गोष्ट त्याला आधी बापानेच शिकवली. ती नजर पुढे दुसऱ्याच माणसाची निघाली, एवढंच.

मिल आधीच टाटांकडून सुटून सरकारी महामंडळाकडे गेली होती, २००२ मध्ये ती पुरती बंद पडली. आता तिथे मॉल आहे, फ्लॅट आहेत. काकांच्या हातात थोडेफार पैसे आले, त्यातले बहिणीच्या लग्नात गेले. मित्र बीकॉमच्या शेवटच्या वर्षाला होता, त्याने हायकोर्टाजवळ एका झेरॉक्सच्या दुकानात काम धरलं. दिवसभर वकिलांचे मुन्शी, पक्षकार, सातबारे, विक्रीपत्रं, वकालतनामे. मशीनच्या उष्णतेने बोटांची टोकं कोरडी पडायची त्याची, आणि शर्टाला टोनरचा वास. मी कधी भेटायला गेलो तर तो कॉपी काढता काढता कागद वाचत असायचा. मालकाला ते आवडायचं नाही. तो म्हणायचा वाचायचे पैसे देत नाही तुले.

अण्णासाहेब तिथे भेटले. घराणं जुन्या मालगुजाराचं, म्हणजे सारा गोळा करणाऱ्या जमीनदाराचं, १९५१ मध्ये मालगुजारी गेली पण बरीच शेती राहिली, एक जिनिंग होती, नागपुरात प्लॉट होते, आणि त्या सगळ्याच्या केसेस. ते स्वतः कधी दुकानात उतरायचे नाहीत, पण त्या दिवशी मुन्शी आजारी होता म्हणून आले. मित्राने त्यांच्या कागदांच्या कॉपी काढल्या आणि देताना म्हणाला, साहेब, फेरफारात खसरा नंबर १४/२ आहे आणि विक्रीपत्रात १२/४ झालाय. अण्णासाहेबांनी चष्मा काढला, पुन्हा घातला, आणि दोन्ही कागद डोळ्यांच्या अगदी जवळ धरून बघितले. त्यांना काचबिंदू होता, नजर हळूहळू जात होती, हे मित्राला नंतर कळलं. ती चूक इतक्या वर्षांत एकाही वकिलाच्या लक्षात आली नव्हती. "उद्या सकाळी सात वाजता बंगल्यावर या," असं म्हणाले. मित्र मला नेहमी सांगायचा की मला आयुष्यात पहिल्यांदा कोणीतरी "या" म्हटलं होतं.

काम काय, तर रोज सकाळी पेपर वाचून दाखवायचा. आधी मराठी, मग "हितवाद". व्हरांड्यात वेताच्या खुर्च्या, समोर दोन मोठी आंब्याची झाडं, माळी पाईपने पाणी मारतोय, ओल्या मातीचा वास, आणि हा मराठी मिडीयमचा पोरगा इंग्लिश पेपर मोठ्याने वाचतोय. चुकला की अण्णासाहेब फक्त बोट वर करायचे. रागावायचे नाहीत, बरोबर उच्चार सांगायचे आणि ते वाक्य पहिल्यापासून वाचायला लावायचे. अग्रलेख संपायला कधी कधी नऊ वाजायचे. मी एकदा त्याला घ्यायला गेलो होतो, फाटकाशी थांबलो होतो, तर आतून त्याचा आवाज येत होता, तेच एक वाक्य, पुन्हा, पुन्हा, पुन्हा. कौतुक वाटलं आणि पोटात कसंतरीही झालं. आम्ही त्याच वयाचे, आमच्यातलं कोणीच कुठल्याच गोष्टीसाठी एवढी मेहनत घेत नव्हतं.

पेपर हे निमित्त. खरं शिक्षण मधल्या वेळात चालायचं.

"खुर्चीच्या काठावर बसू नका, पूर्ण बसा." हे पहिल्या आठवड्यातलं. मित्र म्हणतो की हे ऐकेपर्यंत आपण काठावर बसतो हेच त्याला माहीत नव्हतं. मग त्याने बघायला सुरुवात केली तर गल्लीतले सगळेच, बँकेत, दवाखान्यात, शाळेत हेडमास्तरांसमोर, सगळे काठावर बसतात, कधीही उठा म्हणतील म्हणून तयार. पूर्ण बसायला त्याला कित्येक महिने लागले. पाठ टेकली की छातीत धडधडायचं म्हणे. नंतर, नोटा मोजताना ओठ हलवू नका. दर वाक्याला सर लावू नका, एकदा लावलं की पुरे. कोणी जात असेल तर फाटकापर्यंत जा, तो वळेपर्यंत मागे फिरू नका. बूट स्वतः पॉलिश करा. जेवताना ताटाकडे बघा, दुसऱ्याच्या ताटाकडे नको. आणि मुख्य म्हणजे आवाज खाली, माणसाला तुमचं ऐकायचं असेल तर तो जवळ येईल.

त्यांनी त्याला स्वतःचा एक जुना बंद गळ्याचा कोट दिला होता, सीताबर्डीवरच्या टेलरकडून मापात करून घेतलेला. तो कोट मी त्याच्या अंगावर पहिल्यांदा बघितला तेव्हा मी ओळखलं नाही असं म्हणणार नाही, ओळखलं. पण क्षणभर मला वाटलं की आपण याला आता कशी हाक मारायची. तो माझ्याकडे बघत होता, मी काय म्हणतो याची वाट बघत. मी म्हटलं, मस्त दिसून राहिला बे. त्याचा चेहरा एकदम उजळला, म्हणजे त्याला अजून आमच्याकडूनही ऐकायचं होतं.

अण्णासाहेब त्याला एक गोष्ट वारंवार सांगायचे, कवळाण्याच्या गोपाळची. नाशिककडच्या त्या खेड्यातला शेतकऱ्याचा बारा वर्षांचा पोर, लिहितावाचता येत नाही, त्याला १८७५ मध्ये बडोद्याला नेलं, महाराणी जमनाबाईंनी दत्तक घेतलं, नाव बदललं, दिवाण माधवराव आणि इंग्रज शिक्षक इलियट यांच्या हाताखाली अभ्यासाला बसवलं, आणि त्याचे सयाजीराव गायकवाड झाले. का आलास विचारल्यावर त्या पोराने राज्य करायला आलो असं उत्तर दिलं, ही गोष्ट तर सगळ्यांनाच माहीत आहे. अण्णासाहेब म्हणायचे, उत्तर महत्त्वाचं नाही, त्यानंतर त्या मुलाने रोज किती तास अभ्यास केला ते बघा. मित्राला ही गोष्ट इतकी लागू पडली की तो काही दिवस दुसरं बोलतच नव्हता. एका बाजूला बापाने दिलेले बेझनजी, दुसऱ्या बाजूला अण्णासाहेबांनी दिलेला गोपाळ. मला तेव्हाही वाटायचं, आजही वाटतं, की दोन्ही गोष्टींत निवडणारा वर बसलेला आहे आणि निवडला जाणारा खाली. ज्यांना कोणी पाहिलंच नाही त्यांची गोष्ट कोणी सांगत नाही. झेरॉक्सच्या त्या दुकानात अजून दोन पोरं होती.

आता जे लिहायचंय ते लिहिताना मला अजून त्रास होतो. साचे खात्यात आयुष्य काढलेल्या माणसाचे कान जातात. शेकडो माग एकाच वेळी खडखडत असतात, धोटा इकडून तिकडे आपटत असतो, आत कोणाशी बोलायचं तर कानाला तोंड लावून ओरडावं लागतं नाहीतर नुसत्या हातवाऱ्यांनी. काकांना चाळिशीतच कमी ऐकू यायला लागलं होतं. म्हणून त्या घरात सगळेच मोठ्याने बोलायचे. आम्ही त्यांच्या घरी गेलो की आमचाही आवाज आपोआप चढायचा, गल्लीतून जाणाऱ्याला वाटावं भांडण चाललंय आणि आत विषय काय तर आज भाजी कोणती. आणि त्या घरातला पोरगा हळू बोलायला शिकला.

त्याने मुद्दाम केलं नव्हतं. सकाळचे दोन-तीन तास तो हळू बोलायचा, मग दिवसभर अण्णासाहेबांच्या कामाने तहसीलमध्ये, वकिलांकडे, बँकेत हळू बोलायचा, मग रात्री घरी आल्यावर घसा वर जाईना. काका विचारायचे, "काय म्हणून राह्यला तो?" आणि काकू चुलीकडूनच ओरडून सांगायच्या, "जेवून आला म्हणते!" सुरुवातीला काका चिडायचे, मोठ्यानं बोल न बे, तोंडात काय धरलं. मग चिडायचे बंद झाले. मग थेट काकूंकडेच बघायला लागले. पोरगा बोलायचा, बाप त्याच्या ओठांकडे बघायचा सुद्धा नाही, बायकोच्या तोंडाकडे बघायचा. मी हे माझ्या डोळ्यांनी पाहिलंय, एका खोलीत, हात लांब केला तर हात लागेल एवढ्या अंतरावर दोघं. पुढे मित्राने चांगलं मशीन घेऊन दिलं कानाचं. काकांनी ते डबीत घालून देवाजवळ ठेवलं. त्यात कुरकुर येते म्हणायचे.

अण्णासाहेबांबद्दल माझं मत एकच एक कधी झालं नाही. पगार फार नव्हता. वेळकाळ नव्हता. रात्री अकराला फोन यायचा की छातीत जड वाटतंय आणि हा स्कूटर काढून निघायचा. त्यांची मुलं बाहेर, एक पुण्यात, एक परदेशात, आणि सोबत, औषधं, हॉस्पिटल, डोळ्यांचं ऑपरेशन, सगळं या पोराच्या अंगावर. मी एकदा चिडून म्हटलं होतं, तो तुला घडवत नाहीये, वापरतोय. तो म्हणाला, दोन्ही चाललंय, आणि मला दोन्ही दिसतंय. हे इतक्या शांतपणे म्हणाला की माझ्याकडे पुढे बोलायला काही राहिलं नाही. आणि दुसरी बाजू पण होती ना. जमिनीचा कागद कसा वाचायचा, पटवाऱ्याकडच्या नोंदीत कुठे गोम असते, नझूलच्या म्हणजे सरकारी जागेचं काय असतं, वारस नोंद राहिली की तीस वर्षांनी काय होतं, हे सगळं त्या माणसाने हातचं राखून न ठेवता शिकवलं. असं ज्ञान घराबाहेर कोणी देत नाही. पोटच्या पोरांनी घेतलं नाही म्हणून याला मिळालं, हेही खरं.

अण्णासाहेब गेले तेव्हा मुलं आली. त्यांनी मित्राशी नीट वागणूक ठेवली, चहा दिला, आभार मानले, आणि कपाटाच्या किल्ल्या मागितल्या. त्याने दिल्या. अण्णासाहेब त्याला अनेकदा म्हणाले होते की तुमची सोय मी करून ठेवली आहे. मृत्युपत्रात त्याचं नाव कुठेच नव्हतं. विसरले, की राहून गेलं, की सोय म्हणजे त्यांना दुसरंच काही म्हणायचं होतं, कोण जाणे. बंगला बिल्डरला गेला, आंब्याची झाडं गेली. आम्ही मित्र खूप तापलो होतो. मी म्हटलं वकिलाला भेटू, इतकी वर्षं तू काढलीस. आम्ही फुटाळा तलावाच्या कठड्यावर बसलो होतो, मागे चौपाटीवर भुट्टेवाल्यांचे कोळसे, पोरापोरींची गर्दी, आणि तो म्हणाला, "कोणत्या नात्यानं मागू?"

या प्रश्नाला मला आजपर्यंत उत्तर सापडलेलं नाही. नोकर असता तर थकलेला पगार मागितला असता. मुलगा असता तर हिस्सा. शिष्य काय मागणार? तेव्हा मला सयाजीरावांच्या गोष्टीचा पुढचा भाग आठवायचा, जो अण्णासाहेब सांगायचे नाहीत. त्याच बडोद्याच्या शिष्यवृत्तीवर १९१३ मध्ये बाबासाहेब आंबेडकर कोलंबियाला गेले. शिकून आले आणि करारानुसार १९१७ मध्ये बडोद्याच्या नोकरीत रुजू झाले, तर त्या शहरात त्यांना राहायला खोली मिळेना. पारशांच्या धर्मशाळेत उतरले तर तिथूनही काठ्या घेऊन आलेल्या लोकांनी बाहेर काढलं. महाराजांनी न्यूयॉर्कचा रस्ता उघडून दिला, पण स्वतःच्याच राजधानीत त्यांना एक खोली मिळवून देणं काही झालं नाही. माझ्या मित्राचं दुःख त्या दुःखाच्या पासंगालाही पुरणार नाही, हे मला नीट कळतं, तुलना करायची नाहीये. पण आश्रय देणाऱ्याचा हात कुठपर्यंत पोचतो आणि कुठे संपतो हा विचार करताना मला दरवेळी बडोदा आठवतं. आणि मग नागपूरकर असल्यामुळे दीक्षाभूमी आठवतेच, १४ ऑक्टोबर १९५६. त्या दिवशी लाखो माणसांनी स्वतःला नव्याने घडवायला घेतलं, आणि तेव्हा कोणा श्रीमंताची मेहरबानी लागली नाही.

पुढचं थोडक्यात सांगतो. मित्राने जमिनीच्या कागदांचंच काम धरलं, टायटल, म्हणजे मालकी, तपासून द्यायचं. २०१७ च्या जुलैत जीएसटी आला, राज्याराज्यांच्या सीमेवरचे नाके उठले, कंपन्यांना दर राज्यात वेगळं गोडाऊन ठेवायची गरज उरली नाही, आणि देशाच्या मधोमध असलेल्या नागपुराकडे त्यांचं लक्ष गेलं. वाडीकडे, अमरावती रोडला, वर्धा रोडला मोठ्या शेडसाठी जागा शोधायला माणसं यायला लागली. त्यांना दिसायची जमीन, याला दिसायचा त्या जमिनीचा पन्नास वर्षांचा कागद. आज त्याची स्वतःची गोडाऊन आहेत. मोठ्या कंपन्यांच्या लोकांसमोर तो पूर्ण खुर्चीत बसतो, हळू बोलतो आणि ते पुढे वाकून ऐकतात.

तर आत्याचं वाक्य. ते डोक्यात घेऊन मी बरेच दिवस फिरलो आणि मला वाटतं मला आत्याशी भांडायचंय. तिने जे पाहिलं ते खरं, पण ती मंडपाच्या तोंडाशी उभा असलेला पोरगा बघत होती. मी त्याला वाडीला, त्याच्या गोडाऊनवर बघतो. सकाळी सातच्या ठोक्याला तो शटरसमोर असतो, पाच मिनिटं इकडे नाही की तिकडे नाही, भोंगा बंद होऊन वीस वर्षं झाली तरी. कुठल्याही कपड्याच्या दुकानात गेला की आधी अंगठा आणि बोटामध्ये कापड धरून चोळतो, डोळे बारीक करतो, आणि सुताचा नंबर सांगतो, आणि तो बरोबर असतो. हे अण्णासाहेबांनी शिकवलेलं नाही. गोडाऊनवरच्या हमालाच्या पायावर पेटी पडली तर पहिला प्रश्न, दवाखान्यात नेलं का, आणि दुसरा, याचा रोज कापायचा नाही. काका ओट्यावर सांगायचे की आमच्या मिलने पेन्शन १८८६ मध्ये दिली, अपघाताची भरपाई १८९५ मध्ये दिली, तेव्हा बाकी गिरण्यांत हे शब्द सुद्धा नव्हते. ते ऐकणारा पोरगा हाच. अण्णासाहेबांनी त्याला श्रीमंतांसमोर बसायला शिकवलं. हाताखालच्या माणसाशी कसं वागायचं ते त्याने तांडापेठेच्या ओट्यावर घेतलंय. फक्त ते मंडपात उभं राहून दिसत नाही.

हे मी त्याला सांगितलं नाही. सांगायला गेलो होतो, पण त्या दिवशी आमचं भांडणच झालं.

भांडण एका पोरावरून. गोडाऊनवर एक मुलगा आहे, काटोलकडचा, बारावी झालेला, स्टॉकच्या नोंदी ठेवतो. भयानक हुशार. एका कंपनीच्या बिलात वजन आणि पेट्यांचा हिशोब जुळत नाही हे त्याने शोधून काढलं, साहेब लोकांच्या नजरेतून सुटलेलं. मला ऐकताना अंगावर काटा आला, मी मित्राकडे बघितलं, तो माझ्याकडे बघत नव्हता. मी म्हटलं, मग आता? तो म्हणाला कॉलेजात नाव घातलंय, फी मी भरतो, हिंगण्याकडच्या हॉस्टेलचे पैसे पण मी देतो. मी म्हटलं तेवढ्याने होत नाही हे तुला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे, त्या पोराला समोर बसव, बोलायला शिकव, बघ तो कसा बसतो खुर्चीवर, एकदम काठावर. तर तो म्हणाला, "नाही. पैसे देईन. पण मी त्याला माझ्यासारखं करणार नाही. त्याचे आईबाप अजून आहेत."

मी म्हटलं हे चूक आहे. पैसे देणारे खूप असतात, समोर बसवणारा एखादाच भेटतो, आणि तुला तो भेटला होता म्हणून तू आज इथे आहेस. मला अजूनही तसंच वाटतं, त्या मुलावर अन्याय होतोय असं वाटतं. त्याला हवंय ते, तो मित्राच्या बुटांकडे बघतो, मित्र फोनवर बोलत असला की ओठ हलवून ते शब्द मनात म्हणतो, मी बघितलंय. मित्र म्हणाला, तुला वाटतं मला दिसत नाही? मग म्हणाला की त्याला शिकवायचं तर आवाजापासून सुरुवात करावी लागेल, आणि तेच माझ्याने होणार नाही. काका गेल्यापासून पहिल्यांदा त्याचा आवाज चढलेला मी ऐकला. बाहेर हमाल थांबले, आत बघायला लागले.

मी अजून माझं म्हणणं सोडलेलं नाही. त्या मुलाला मी सांगितलंय की कॉलेजला सुट्टी असेल त्या दिवशी सकाळी माझ्या घरी ये, माझ्याकडे "हितवाद" येतो. मित्राला हे कळलंय. तो काही बोलला नाही, पण पुढच्या वेळी भेटलो तेव्हा त्याने विचारलं, मोठ्यानं वाचतो का तो? मी हो म्हटलं. तो म्हणाला, मग वाचू दे, आवाज खाली करायला नको सांगू.